आपली थाळी आच्छादलेली आढळेल

‘मजकूर जरा फिरवून द्या’ असं कुणी म्हटलं की माझ्या डोक्यात आजही तिडीक जाते. फिरवून म्हणजे काय? तव्यावरची भाकरी आहे का ती? पुढे मी बरीच वर्षं लिहिण्याच्याच धंद्यात काढली, त्यामुळे ही विनंती कानावर पडत राहिली. माणूस दुसऱ्या कुणाची तरी जाहिरात घेऊन येतो, टेबलावर ठेवतो आणि साळसूदपणे सांगतो, अर्थ हाच राहू दे, शब्द तेवढे बदला. उशीचे अभ्रे बदलावेत इतक्या सहज सांगतो. मी त्याला चहा देते आणि परत पाठवते. कारण सांगत नाही, कारण सांगायला बसले की माझा आवाज चढतो आणि शेजारच्या खोलीतली माणसं डोकावून जातात. इथे कागदावर चढला तर कुणाला त्रास व्हायचा नाही.

संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीची ती वर्षं. परळहून लालबागकडे येताना लागणाऱ्या एका चाळीच्या तळमजल्यावर आमची खानावळ होती. दोन खोल्या, मातीची चूल, आई आणि मी. वडील मी शाळेत असतानाच गेले होते. आई मालवणकडची. आमच्याकडे जेवायला येणारे बहुतेक गिरणीकामगार, बायकामुलं गावी ठेवून मुंबईत एकेका खोलीत दाटीने राहणारे. त्यांना आम्ही मेंबर म्हणायचो.

आमच्या खानावळीची एक रीत होती. नव्या मेंबराने आपलं ताट स्वतः आणायचं आणि त्यावर नाव ठोकून घ्यायचं. भांड्यांवर नावं घालणारा माणूस चाळीच्या दारात बसायचा, छोट्या छिन्नीने टकटक करत अक्षरं उमटवायचा. जेवणाच्या वेळी मी नावं वाचून ताटं मांडायची आणि आई वाढायची. ज्याची पाळी लांबली, जो सभेला गेला, जो कुठे अडकला, त्याचं ताट आई वाढून ठेवायची आणि वर दुसरं ताट पालथं घालून चुलीच्या कडेला सरकवायची. तो येऊन जेवेपर्यंत ती स्वतः जेवायची नाही. मी पुष्कळदा चिडायचे. पण वडील गिरणीत नवे लागले होते तेव्हा उशीर झाला म्हणून कुठल्याशा खानावळीच्या दारातून उपाशी परतले होते, हे त्यांनी लग्नानंतर कधीतरी आईला सांगितलं होतं. आईने ते मनात धरलं ते कायमचं. तिच्या लेखी खानावळ म्हणजे ते झाकलेलं ताट होतं. बाकीचा स्वयंपाक काय, कुणीही करतं.

मी मॅट्रिक झाले आणि माझ्या अंगात लिहिण्याची हौस आली. आपल्या खानावळीचं हँडबिल काढू या, असा मी हट्ट धरला. आईला लिहिता-वाचता येत नव्हतं. ती भाकऱ्या थापत सांगत गेली आणि मी लिहीत गेले. ‘घरचं जेवण. गरम भाकरी, भात, माशाचं कालवण. मीठ कमी वाटलं तर मागून घ्या.’ मग ती म्हणाली, “बुधवारचा लिव. बुधवारी चूल सारवतंय, जेवाक उशीर होता, ता लोकांका आधी कळाक व्हया.”

मी म्हटलं, “आई, असं जाहिरातीत कुणी लिहितं का?”

“मगे काय खोटा लिवतलस?”

झालं. बुधवारची चूल जाहिरातीत गेली. शेवटची ओळ मात्र मी सुचवली आणि आईने ती दोनदा वाचून घेतली. ‘उशीर झाला म्हणून कुणी परत जाऊ नये. तुमचं ताट झाकून ठेवलेलं असेल.’ ऐकताना तिचे पिठाचे हात थांबले होते. माझ्या लिहिण्याला आयुष्यात मिळालेली ती पहिली दाद, आणि मला विचाराल तर सगळ्यात मोठी. गिरगावातल्या एका छापखान्यातून आम्ही ती हँडबिलं छापून आणली, गिरण्यांच्या दारात वाटली आणि एक कागद आमच्या भिंतीवर खळीने चिकटवला.

काही महिन्यांनी मागच्या रस्त्यावर एक भोजनालय उघडलं. संगमरवरी टेबलं, डोक्यावर पंखे, गल्ल्यावर अत्तर लावलेले मालक. चांगलं होतं, मी नाही म्हणत नाही. आमचे काही मेंबर तिकडे गेले, त्याचंही मला काही वाटलं नाही. पंख्याखाली जेवावंसं कुणाला वाटणार नाही? पण एके दिवशी कुणीतरी त्यांचं हँडबिल आणून दिलं आणि ते मी आईला मोठ्याने वाचून दाखवायला घेतलं.

‘गृहीचे भोजन. उष्ण भाकर, ओदन, मत्स्यांचा रस्सा. लवण न्यून भासल्यास याचना करावी.’

मी थांबले. पुढे काय असणार ते मला कळलं होतं, आणि तेच होतं. ‘बुधवासरी चुल्लीलेपनास्तव भोजनास किंचित विलंब संभवतो.’ आणि सगळ्यात खाली, जाड ठशात, ‘विलंब घडल्याकारणे कोणासही माघारी फिरण्याचे प्रयोजन नाही. आपली थाळी आच्छादलेली आढळेल.’

“ह्या खंयचा जेवाण गो?” आईने विचारलं.

मी म्हटलं, “आपलंच.”

तिला समजावून सांगायला मला बराच वेळ लागला. समजल्यावर ती रागावली नाही, तेही मला सहन होईना. ती एवढंच म्हणाली की ताट झाकून ठेवत असतील तर बरंच आहे, तेवढी माणसं उपाशी राहायची नाहीत. ठेवत असतील तर. मी मात्र पेटले होते. त्या भोजनालयात दगडी कोळशाच्या भट्ट्या होत्या. सारवायला चूल कुठून आणणार होते? आणि मीठ मागायला याचना कशाला? आमच्याकडे जेवणारा माणूस हक्काने ओरडायचा, मावशी, मीठ. त्यांच्याकडे त्याने हात पसरायचे होते की काय? आणि कुणाची ताटं झाकणार होते ते? तिथे तर सगळी ताटं एकसारखी, एकावर एक रचलेली, कुणाचंच नाव नसलेली.

दोन्ही कागद घेऊन मी गिरगावात गेले. हे काम कुणाचं असेल याचा मला अंदाज होता. आमचं हँडबिल छापलं त्या छापखान्यात एक निवृत्त मास्तर बसायचे. मुद्रितं तपासायची आणि दुकानदारांना मजकूर करून द्यायचा, हा त्यांचा उद्योग. मी गेले तेव्हाही ते तेच करत होते. समोर कुठल्याशा साडीच्या दुकानाचं हँडबिल होतं, हातात निळी पेन्सिल होती. प्रत्येक शब्दाखाली एक रेघ, प्रत्येक शब्दाच्या डोक्यावर दुसरा शब्द. एकही सुटत नव्हता. मागच्या भिंतीवर संयुक्त महाराष्ट्राच्या सभेचं पत्रक लावलेलं होतं. मास्तर स्वतः चौपाटीवरच्या सभांना जायचे, मराठीसाठी घसा फोडून घोषणा द्यायचे. खोटं कशाला बोलू, त्यांचं मराठीवर प्रेम होतंच. पण ज्या मराठीवर त्यांचं प्रेम होतं ती कुणाच्या घरात बोलली जात होती, देव जाणे.

मी दोन्ही कागद त्यांच्यापुढे ठेवले आणि म्हटलं, “मास्तर, ही चोरी आहे.”

त्यांनी चष्मा नीट केला, दोन्ही कागद शांतपणे वाचले. “चोरी? बाळ, यातला तुझा एक तरी शब्द मला दाखव.”

मी बघत राहिले. खरंच, एकही नव्हता. ‘भाकरी’चीसुद्धा त्यांनी ‘भाकर’ केली होती. वाक्यं माझी, क्रम माझा, चूल आमची, माणसं आमची, आणि शब्द म्हणाल तर एक नाही. दिवसाढवळ्या घर धुऊन नेलेलं दिसत असताना चोर आपल्यालाच पावती मागतो, तसं मला झालं.

“त्यांच्याकडे चूल आहे का?” मी विचारलं. “बुधवारी ते काय सारवतात?”

“मला काय ठाऊक? मी बाहेर जेवत नाही. तपशिलाने मजकूर भरीव होतो, म्हणून ठेवला.”

“आणि शेवटची ओळ? ताट झाकून ठेवतात का ते? तुम्ही विचारलंत मालकांना?”

मास्तरांना माझी खरोखर दया आलेली दिसली. वर्गातल्या मंद मुलीला समजवावं तसे ते म्हणाले, “हे पाहा, ठेवणं न ठेवणं हा त्यांचा प्रश्न. माझं काम भाषेपुरतं. तुझी भाषा जरा ओबडधोबड होती, मी ती शुद्ध केली. अर्थ तोच आहे.”

अर्थ तोच आहे. हे ते ज्या समाधानाने म्हणाले ते समाधान मला आजही दिसतं. मी त्यांना सांगायला हवं होतं की अर्थ त्या ओळीत नव्हताच, तो आमच्या चुलीच्या कडेला होता. पण मी तेव्हा नुकती शाळा संपवलेली मुलगी होते आणि ते मास्तर होते. माझ्या डोळ्यांत रागाने पाणी आलं आणि त्यांना वाटलं, मला चूक कळली. त्यांनी मला पाणी दिलं. मी ते प्याले नाही, एवढंच काय ते मी केलं.

घरी येऊन मी आदळआपट केली. आईने ऐकून घेतलं आणि मला खोबरं खवायला बसवलं.

त्यानंतर थोड्या दिवसांनी आमच्याकडे एक नवा मेंबर आला. साताऱ्याकडचा तरुण, गिरणीच्या साचेखात्यात मागावर लागलेला, बोलायला मोकळा. तो आधी त्या भोजनालयात जेवत होता. ते का सोडलं, हे त्याने पहिल्याच दिवशी सगळ्यांना हसत हसत सांगितलं. एकदा त्याची पाळी लांबली. हँडबिल त्याने वाचलं होतं, चौथीपर्यंत शिकलेला होता. तो निर्धास्तपणे गेला, तर टेबलं पुसून झालेली.

“म्हनलं, मालक, थाळी झाकून ठिवली आसंल न्हवं? कागदावर लिवलंय तुमी. तर समदी हसाय लागली. मालक म्हनला, पावनं, जाहिरात वाचायची आसती, खायाची न्हाई.”

आमचे मेंबरही हसले. त्याने मालकांची नक्कल छान केली होती. आई हसली नाही. तिने त्याला विचारलं, “मगे जेवलास खंय?” तो म्हणाला, एक दिवस न जेवल्यानं कोण मरतंय. दुसऱ्या दिवशी आईने त्याच्याकडून ताट आणवलं आणि दारातल्या माणसाकडून त्यावर नाव ठोकून घेतलं. भिंतीवरचा आमचा कागद त्याच्या समोरच होता. जेवताना तो हा कागद वाचायचा हे मी पाहिलं होतं. ओठ हलवत, सावकाश वाचायचा. आमच्याकडे आल्यापासून त्याची पाळी कधी लांबली नव्हती. तेव्हा मला बरं वाटलं होतं, म्हटलं, निदान याला तरी खरी प्रत मिळाली.

मग एक दिवस असा उजाडला की दुपारपासूनच वातावरण बिघडलं. पहिली पाळी सुटली आणि गिरण्यांतून माणसं थेट मोर्चाला गेली. फोर्टाच्या बाजूला लाठ्या चालल्याची बातमी आली. ट्राम बंद पडल्या, दुकानांच्या फळ्या लागल्या. आमचे मेंबर पायी चालत, गल्लीबोळांतून, एकेकटे परतत राहिले. कुणाचा सदरा फाटलेला, कुणाच्या पायात वहाण नाही. प्रत्येकाचं ताट झाकलेलं होतं. आई एकेक उघडत गेली आणि शेवटी साताऱ्याच्या त्या तरुणाचं तेवढं राहिलं. कुणी म्हणालं, तो गिरगावापर्यंत आमच्याबरोबर होता, मग पांगापांग झाली. आणखी कुणालाच काही माहीत नव्हतं.

आईने दार लोटलं नाही आणि दिवाही मालवला नाही. मी जेवून घे म्हटलं तर तिने माझ्याकडे अशा नजरेने पाहिलं की मी पुन्हा तो विषय काढला नाही. रात्रभर ती ताटापाशी बसली होती. उजाडल्याबरोबर म्हणाली, “जा गो, इस्पितळात बघून ये. नाव सांग तेचा.” मी पायांत चपला घालत होते, तेवढ्यात तो दारात उभा. अंघोळ केलेली, केस विंचरलेले, कपाळाला गंध. कामावर न्यायचा डबा घ्यायला आला होता.

आईने त्याचं डोकं, खांदे, हात चाचपून पाहिले. “खंय होतस रे? लागला नाय मा तुका खंय?”

“न्हाई मावशी. रातच्यालाच आलो की हितं. खोलीवर जाऊन झोपलो.”

“जेवलस?”

तो वहाणा काढायला वाकला.

“ह्या वाटेनच गेलस मरे? दिवो नाय दिसलो तुका?”

“दिसला की. दार बी उघडं हुतं.” त्याने मान खाली घातली. “पर उशीर झालता. म्हनलं, जेवनं उरकली असतील. मागितलं आन् तुमी न्हाई म्हनलासा तर? त्या मालकाकडनं न्हाई ऐकलं, त्येचं काय वाटलं न्हाई. तुमच्याकडनं नगं वाटलं ऐकाय.”

आईने चुलीच्या कडेचं ताट ओढून पुढे घेतलं आणि वरचं ताट उचललं. भाताला वास येऊ लागला होता, कालवणाचा तवंग थिजला होता. त्याने ते पाहिलं, ताटाच्या काठावरचं आपलं नावही पाहिलं. मग त्याची नजर हलेना.

“झिला,” आई म्हणाली, “ताट आसताच आमच्याकडे. थंय भिंतीर लिवलेला आसा मरे. तू वाचतस तां.”

“वाचलंय म्या, मावशी,” तो म्हणाला. “पर तसंच त्येंच्याकडं बी लिवलं हुतं. तुमी तोंडानं सांगितलं आसतं, तर आलो आसतो.”

आई उठली. पाण्यात हात बुडवून तिने भिंतीवरचा कागद भिजवला, नखांनी कोपरे सोडवले आणि तो अख्खा काढून चुलीत घातला. मग तिने त्या मुलाला पाटावर बसवलं आणि ताजी भाकरी थापायला घेतली. तिच्या पोटातही आदल्या दुपारपासून अन्न नव्हतं. कागद ओला होता, त्यामुळे पटकन पेटेना, धुमसत राहिला. तो पूर्ण जळेपर्यंत मी तिथे उभी होते. त्यातलं अक्षर नि अक्षर खरं होतं.